करंजाखालची जागा

हे मी आजवर कुणाजवळ बोलले नाही. नवऱ्याजवळ नाही, आईजवळ नाही, आणि जिच्याजवळ बोलायला हवं होतं तिच्याजवळ तर नाहीच. आज बोलतेय, कारण परवा एका कार्यशाळेत कुणीतरी पुन्हा तोच, 'माणसं तुमच्या कॅमेऱ्यासमोर इतकी सहज कशी वागतात' हा प्रश्न विचारला आणि माझा जीव वैतागला. प्रश्नावर नाही हो — माझ्या उत्तरावर. तेच उत्तर, तीच मान किंचित तिरकी करायची लकब, तेच ते "मी काही करत नाही, मी फक्त बघते" असं म्हणून गप्प बसणं. समोरची पोरं वहीत लिहून घेतात. सहा वर्षं झाली ह्या प्रकाराला. माणसानं स्वतःचीच आरती किती वेळा ओवाळावी?

तेव्हा सांगते. सरळ सांगता येईल असं मात्र वाटत नाही. तुम्ही जरा धीर धरा, मी वळसे घेणार आहे.

मी मूळची नागपूरची. नोकरीसाठी बंगळूरला आले, व्हाइटफील्डच्या एका कंपनीत. रोज तीन-साडेतीन तास ऑफिसच्या कॅबमध्ये जायचे. सगळे झोपायचे किंवा फोनमध्ये तोंड घालून बसायचे, मी खिडकीतून बाहेर बघायचे. सिग्नलला उभी असलेली माणसं, खांबाला टेकून डबा खाणारे सिक्युरिटीवाले, रस्ता ओलांडायला दहा मिनिटं ताटकळणारी म्हातारी. बघता बघता ते बघणंच आवडायला लागलं आणि नोकरी नकोशी झाली. सोडली. कॅमेरा घेतला. नवऱ्याची नोकरी होती म्हणून हे थेर जमले. तेही कधी कुणी मुलाखतीत विचारत नाही.

मी जे सिनेमे करते त्यांची काही पथ्यं असतात. मुलाखत नाही, निवेदन नाही, पार्श्वसंगीत नाही. एका जागी ट्रायपॉड लावायचा आणि बसायचं. महिनोन् महिने. लोक आधी बघतात, मग लाजतात, मग चिडवतात, मग कंटाळतात — आणि एक दिवस तुम्हाला विसरतात. त्या दिवशी खरं काम सुरू होतं. समोरच्याला "जरा इकडे सरका" एवढंसुद्धा म्हणायचं नाही. म्हटलं की संपलं, मग ते शहर राहत नाही, तुमची मांडणी होते. हे मी शिकवते. माझ्या त्या गाजलेल्या सिनेमाच्या सुरुवातीला काळ्या पडद्यावर एक ओळ येते — ह्या चित्रपटातली कोणतीही गोष्ट घडवून आणलेली नाही. मीच लिहिली. कुणी मागितली नव्हती.

तो सिनेमा महादेवपुऱ्यातल्या एका फुटपाथचा आहे. रिंग रोडवरून आत वळणारा रस्ता, एका बाजूला आयटी पार्कची लांबलचक भिंत, दुसऱ्या बाजूला काचेच्या इमारती आणि एक ट्रान्सफॉर्मर. भिंतीच्या कडेनं पाच-सहा जण बसायचे. शहाळीवाले नंजप्पा अण्णा, चाव्या बनवणारा, चहाची गाडी. आणि करंजाच्या झाडाखाली, शिवणयंत्र घेऊन, गिरिजाबाई.

गिरिजाबाई आपल्याच. म्हणजे मराठी. पण आपली मराठी नव्हे. त्यांच्या घराण्यातलं कोण कधी बंगळूरला आलं हे त्यांनाही माहीत नव्हतं. पिढ्यान् पिढ्या शिंपीकाम, घरात मराठी, बाहेर कन्नड, आणि दोन्हींची मस्त खिचडी. "स्वल्प थांबा की ताई, एवढी शिलाई मारतो आणि देतो बघा" असं बोलायच्या. साठीला आलेली बाई, पण डोळा असा की सुईत दोरा पहिल्या फटक्यात. पँटी आखूड करायच्या, ब्लाउज सैल करायच्या, आणि सगळ्यात जास्त म्हणजे लॅपटॉपच्या बॅगांच्या चेनी बदलायच्या. सकाळी कॅबमधून उतरताना लोक बॅग टाकून जायचे, संध्याकाळी परत चढताना घेऊन जायचे. कॅबा बरोब्बर त्या करंजासमोर थांबायच्या. गिऱ्हाईक त्यांना नावानं ओळखत नव्हतं, जागेनं ओळखत होतं. 'झाडाखालच्या टेलर आंटी.'

ही जागा काय चीज असते ते नीट ऐका, नाहीतर पुढचं कळायचं नाही. फुटपाथवर कुणाच्या नावाचा कागद नसतो. पण नियम असतो, आणि तो कोर्टापेक्षा कडक असतो. प्रत्येकाची एक खूण असते. नंजप्पा अण्णांचा शहाळी तोडायचा ओंडका, चावीवाल्याची पेटी, गिरिजाबाईंचा एक निळा प्लॅस्टिकचा ड्रम. तुम्ही जेवायला जा, दोऱ्याची रिळं आणायला चिकपेटला जा, चार दिवस लग्नाला जा — खूण जागेवर असली की जागा तुमची. कुणी हात लावणार नाही. पण खूण नाही आणि माणूसही नाही, असं सकाळी दहा वाजेपर्यंत दिसलं, तर जागा मोकळी. मग जो बसेल त्याची. भांडण झालंच तर नंजप्पा अण्णा निकाल देणार, कारण ते सगळ्यात जुने. आणि अण्णांचा हिशोब सोपा — आजारपण, खोदकाम, पोलीस, दुसऱ्या कुणामुळे उठावं लागलं असेल तर जागा परत. आपल्या मनानं उठलात तर गेली.

मी हे सगळं टिपून ठेवलं होतं बरं का. मला सगळं माहीत होतं.

आठ महिने मी त्या फुटपाथवर रोज बसले. गिरिजाबाईंच्या पदराला छोटा माइक लावायचा, समोर ट्रायपॉड, आणि गप्प. मी एकटीच, माझ्याबरोबर कुणी नाही. पहिल्या महिन्यात त्यांनी मला शंभर प्रश्न विचारले — लग्न झालंय का, मूल का नाही, ह्या कॅमेऱ्याचं काय करणार. मग त्यांनीही नाद सोडला. दुपारी डबा उघडला की निम्मी भाकरी माझ्याकडे यायची. न विचारता. एकदा म्हणाल्या, मुलाकडे राहते, सून चांगली आहे, पण तिच्या हाताकडे बघायची वेळ येऊ नये म्हणून पाय चालतात तोवर हे यंत्र चालवायचं. त्या जागेवर त्यांचं सगळं उभं होतं, आणि हे मला कॅमेऱ्याशिवायसुद्धा दिसत होतं.

आणि तरी माझा सिनेमा होत नव्हता. का? कारण गिरिजाबाईंचा चेहराच दिसेना. झाडाची गर्द सावली, मागे भिंत, मान कायम यंत्रावर वाकलेली. आठ महिन्यांचं चित्रीकरण आणि नायिकेच्या जागी एक काळी आकृती. रात्रंदिवस चिडचिड व्हायची. त्या झाडावर राग यायचा, काय सांगू. त्यात जानेवारीत मला एक शोध लागला. सकाळी नऊच्या सुमाराला, पलीकडच्या बाजूला, ट्रान्सफॉर्मरजवळ, दोन काचेच्या इमारतींमधून ऊन यायचं. चाळीस मिनिटं. तिरपं, पिवळं, मऊ. तिथं उभं राहून मी स्वतःचा हात बघितला तर हातसुद्धा देखणा दिसत होता.

दोन दिवस मी स्वतःशी भांडले. मग विचारलं.

मी त्यांना म्हटलं की चार-पाच दिवस पलीकडे बसाल का? त्या हसल्या. तिकडे कोण येणार शिवायला, म्हणाल्या. मी म्हटलं, माझ्यासाठी. आठ महिन्यांत मी पहिल्यांदा काही मागत होते — आणि ते मला माहीत होतं, म्हणून तर मागितलं. त्या लगेच हो म्हणाल्या. वर मी एक शहाणपणा केला. म्हटलं, कुणाला सांगू मात्र नका मी सांगितलं म्हणून, नाहीतर सगळे कॅमेऱ्याकडे बघायला लागतील. त्यांनी मान डोलावली. संक्रांतीचा आदला दिवस होता. नंजप्पा अण्णा सणाला गावी गेलेले. सकाळी कुणी यायच्या आत आम्ही दोघींनी मिळून यंत्र पलीकडे ढकलत नेलं. दुसऱ्या दिवशी त्यांनी मला तिळगूळही दिला आणि इथल्यासारखं तीळ-गूळ-खोबऱ्याचं एळ्ळु-बेल्लही दिलं, पुडीत बांधून, उसाच्या कांडक्यासकट. दोन्हीकडचं गोड बोला, म्हणाल्या.

तर — मी तिला सरकायला सांगितलं. झालं. बोलले.

हुश्श वाटायला हवं होतं ना? नाही वाटत. कारण ह्यातली ही सगळ्यात छोटी गोष्ट आहे. एवढीच असती तर एव्हाना कुठल्यातरी मुलाखतीत हसत हसत कबूलही करून टाकली असती, आणि लोकांनी त्याचंही कौतुक केलं असतं. प्रामाणिकपणा म्हणून.

तिसऱ्या दिवशी मला रिकाम्या जागेचा शॉट हवासा वाटला. करंजाखाली कुणी नाही, भिंतीवर पाठ टेकून टेकून पडलेला तेलकट डाग, टेप अडकवायचा खिळा, जमिनीवर यंत्राच्या पायांच्या खुणा. फार बोलकी फ्रेम होती. फक्त मध्ये तो निळा ड्रम. इतका भडक निळा की दुसरं काही दिसेचना. मी बघितलं, गिरिजाबाई खाली वाकून बॉबिन भरत होत्या. मी रस्ता ओलांडला, ड्रम उचलला आणि ट्रान्सफॉर्मरच्या मागे नेऊन ठेवला. स्वतःच्या हातानं. शॉट घेतला. चांगला आला.

परत ठेवायचा होता. ठेवणारच होते. मग पलीकडे ऊन आलं, मी धावले. त्या दिवशी विसरले. दुसऱ्या दिवशी — हे सांगताना मला स्वतःला एक सणसणीत द्यावीशी वाटतेय — दुसऱ्या दिवशी आठवलं होतं. पण वाटलं, ढगाळ प्रकाशात तीच फ्रेम आणखी एकदा घ्यावी. राहू दे आजचा दिवस. एक दिवसानं काय होतंय?

पाचव्या दिवशी सकाळी तिथं मोबाइलची कव्हरं विकणारा एक माणूस उभा होता. रायचूरकडचा, नवा. लोखंडी जाळी घेऊन. त्याला तुम्ही वाईट म्हणू नका. त्यानं आदल्या दिवशी चहावाल्याला विचारलं होतं, ही जागा कुणाची. चहावाला म्हणाला, शिवणारी बाई पलीकडे गेली. तो दहापर्यंत थांबला, खूण दिसली नाही, त्यानं जाळी टेकवली. फुटपाथच्या कायद्यानं त्याचं सगळं बरोबर होतं. त्या रस्त्यावर चुकीचं वागलेलं माणूस एकच होतं आणि ते कॅमेऱ्यामागे होतं.

गिरिजाबाईंनी ते पलीकडून बघितलं आणि त्या कात्री हातात घेऊन तशाच रस्त्यात घुसल्या. कॅबा करकचून थांबल्या. आणि मी काय केलं असेल? मी कॅमेरा फिरवला. हात आपोआप गेला, असं मी सांगत आले आहे. आपोआप काही गेला नाही. आठ महिन्यांत पहिल्यांदा काहीतरी घडत होतं. मी ट्रायपॉडवरून कॅमेरा काढला, खांद्यावर घेतला आणि त्यांच्या मागे पळाले.

पुढची अकरा मिनिटं ज्यांनी सिनेमा बघितलाय त्यांना पाठ आहेत. भांडण. कव्हरवाला म्हणतोय, जागा मोकळी होती. गिरिजाबाई म्हणताहेत, अकरा वर्षं बसतेय मी इथे, खुणेला ड्रम ठेवून गेले होते. गळ्यात ओळखपत्रांचे पट्टे अडकवलेली पोरं थांबून बघताहेत, एकानं हातातली फाटक्या चेनची बॅग तशीच परत खांद्याला लावली. गावाहून त्याच सकाळी परतलेले नंजप्पा अण्णा कोयता बाजूला ठेवून उठतात, दोघांचं ऐकतात, आणि निकाल देतात — आपल्या मनानं गेलीस अक्का, जागा गेली. आणि मग तो शॉट. गिरिजाबाई वळून थेट लेन्समध्ये बघतात. वीस सेकंद.

त्या वीस सेकंदांनी माझं भलं केलं. कुणी लिहिलं की ह्या नजरेतून शहरानं हाकललेला प्रत्येक माणूस आपल्याकडे बघतो. कुणी म्हणालं की ती स्त्री आपल्या सगळ्यांना जाब विचारते. आपल्या सगळ्यांना. ऐकून ऐकून कान किटले माझे. अहो, ती बाई कुणा सगळ्यांकडे बघत नव्हती. ती माझ्याकडे बघत होती. मी तिच्यापासून तीन फुटांवर उभी होते.

कारण सिनेमात निकालाच्या आधी एक कट आहे. कुणाला कळत नाही इतका सफाईदार. मीच केलाय, मला चांगलं जमतं. तिथून मी सव्वा मिनिट काढून टाकलं आहे.

त्या सव्वा मिनिटाकडे येतेच. त्याआधी पुढचं सांगून टाकते, म्हणजे मागे काही उरणार नाही. गिरिजाबाई दोन महिने ट्रान्सफॉर्मरजवळ बसल्या. गिऱ्हाईक आलं नाही. येणार कुठून, कॅबा तिकडे थांबतच नाहीत. ऊन मात्र यायचं, चाळीस मिनिटं, आणि मी तेही टिपलं. मग एक दिवस त्या दिसल्या नाहीत. मुलानं टेम्पो आणून यंत्र नेलं होतं. वर्षभरानं मी पत्ता काढून वर्तूरच्या पलीकडे त्यांच्या घरी गेले, लॅपटॉपवर सिनेमा दाखवायला. त्या साड्यांना फॉल लावत बसल्या होत्या. सून कुणाकुणाच्या साड्या आणून देते, नेऊनही तीच देते, पैसेही तीच घेते. सुनेनं चहा केला. गिरिजाबाईंनी चष्मा पुसून सगळा सिनेमा बघितला. भांडण आलं तेव्हा त्या पुढे सरकल्या, कट गेला तशा मागे टेकल्या. कळलं त्यांना. बाकी दुनियेला कळला नाही, पण शिवणाऱ्या बाईला जोड कळणार नाही का? म्हणाल्या, चेहरा बरा आला की माझा. मी म्हटलं, हो, छान आलाय. एवढंच बोलून, चहा पिऊन मी परत आले. सांगायला गेले होते. दोन तास ट्रॅफिकमध्ये घोकत गेले होते.

आता ते सव्वा मिनिट.

भांडणात गिरिजाबाईंनी शेवटी ते सांगितलंच. कुणाला सांगू नका म्हटलेलं त्यांनी तोवर पाळलं होतं, पण जागाच जायला लागली तेव्हा त्यांनी माझ्याकडे बोट केलं आणि कन्नडमध्ये म्हणाल्या, ह्या ताईंनी तिकडे बस म्हटलं म्हणून गेले. कव्हरवाला म्हणाला, असं काय कुणीही म्हणेल. तेव्हा नंजप्पा अण्णा माझ्याकडे वळले. त्यांचं मला अजून नवल वाटतं, त्यांनी माझ्यावर संशय नाही घेतला. ते सगळ्यांना म्हणाले, ही बाई आठ महिने इथं बसून नुसती बघतेय, हिच्यापेक्षा चांगला साक्षीदार कोण? आणि मला म्हणाले, "नीवे हेळि, मॅडम." तुम्हीच सांगा.

मला कन्नड कळत होतं. बारा वर्षं झाली होती त्या शहरात. भाजी घ्यायला, रिक्षावाल्याशी हुज्जत घालायला पुरेल एवढं येत होतं, आणि हे तर तीन शब्दांचं वाक्य. पण कॅमेरा चालू होता. चेहऱ्यासमोर कॅमेरा, व्ह्यूफाइंडरला डोळा, एवढा जिवंत प्रसंग आयुष्यात पहिल्यांदा फ्रेममध्ये आलेला. मी "हो, मीच सांगितलं" म्हटलं असतं तर काय झालं असतं? कव्हरवाल्यानं जाळी उचलली असती. अण्णांनी मला दोन शब्द सुनावले असते. पाच मिनिटांत सगळे आपापल्या कामाला लागले असते. आणि माझा प्रसंग गेला असता. मला ते भांडण संपायला नको होतं. हे एवढंच होतं. नाव जाईल, सिनेमा बुडेल असली मोठी भीतीसुद्धा नव्हती हो, ती नंतर आली. त्या क्षणी मला फक्त शॉट हवा होता.

मी म्हटलं, "कन्नड गोत्तिल्ला." कन्नड येत नाही. इथं येणारा प्रत्येक जण पहिल्या आठवड्यात शिकतो ते वाक्य.

गिरिजाबाईंना वाटलं, खरंच मला प्रश्न कळला नाही. त्यांच्या चेहऱ्यावर सुटल्यासारखं आलं, कारण मराठी तिथं आम्हा दोघींशिवाय कुणालाच येत नव्हती आणि ही अडचण त्या चुटकीसरशी सोडवू शकत होत्या. त्या जवळ आल्या. माइक त्यांच्या पदरालाच होता, सगळं स्वच्छ ऐकू येतं.

"ताई, अण्णा विचारतात, मी आपल्या मनानं तिकडं गेली काय, की कुणी जा म्हटलं. तुमी सांगा की, मी त्यांना सांगतो."

आणि मी मराठीत म्हणाले, "मला माहीत नाही, गिरिजाबाई."

ह्यानंतर टेपवर अण्णांचा आवाज, काय म्हणतात मॅडम?

मी काय बोलले ते तिथं कुणाला कळलं नव्हतं. माझा चेहरा कॅमेऱ्यामागे होता. गिरिजाबाईंनी "हो म्हणतात" एवढं सांगितलं असतं तरी कुणी शंका घेतली नसती. अण्णांनी मान डोलावली असती, अकरा वर्षांची जागा तिथल्या तिथं परत मिळाली असती, आणि ते खोटंही नसतं. मीसुद्धा तोंड उघडलं नसतं. कुठल्या तोंडानं उघडणार होते?

गिरिजाबाई अण्णांकडे वळल्या आणि म्हणाल्या, "अवरिगे गोत्तिल्लवंते."

त्यांना माहीत नाही म्हणतात. मी जेवढं बोलले तेवढंच, एक शब्द कमी नाही, एक जास्त नाही. त्यावर अण्णांनी निकाल दिला.